धाब्याचे घर

ज्येष्ठात मुक्ताईनगरजवळच्या कोथळीहून मुक्ताईंची पालखी निघाली, तेव्हा मी दिंडीत नवखी होते. पंढरपूर इथून 500 किलोमीटरांहून लांब, वाट महिनाभराची. पहिल्याच मुक्कामावर धुळ्याकडच्या एका आजींनी विचारले, "तू कोन गावनी शे वं माय?"

मला उत्तर देता आले नाही. सासरी जळगावला तीस वर्षे मी 'रावेरकडची'च राहिले, आणि माहेरचे धाब्याचे, म्हणजे मातीच्या सपाट छताचे, घर आई गेल्यावर भावाने पाडून तिथे सिमेंटचे बांधले. त्याचे चुकले असे मी म्हणणार नाही. दर पावसाळ्याआधी धाब्यावर खारी माती टाकायला आता माणूस मिळत नाही.

टाळांच्या ठेक्यावर पाय आपोआप पडू लागले, की मी मनाने त्या घरात शिरत असे. ओटा, ओसरी, माजघरातला कोनाडा, चूल. राजूर घाट चढेपर्यंत सारे जागच्या जागी सापडत होते. देऊळगाव राजा मागे पडले आणि कोनाड्याचा रंग आठवेना. आईचा भाकरी थापण्याचा आवाज तेवढा उरला, तोही टाळांत मिसळू लागला, तेव्हा मी खरोखर घाबरले. त्या रात्री आजींनी सुईत दोरा ओवून माझ्या टाचेच्या फोडातून आरपार काढला आणि पाणी झिरपत राहावे म्हणून तो आतच ठेवला. घराविषयी मी त्यांना काही बोलले नाही.

बीडला मुक्ताईंचे आजोबा गोविंदपंत यांच्या समाधीपाशी पादुका नेतात. आजोबा-नातीची भेट म्हणतात तिला. आईवडिलांनी देहान्त प्रायश्चित्त घेतल्यावर पोरक्या झालेल्या, वाळीत टाकलेल्या चार भावंडांत ही सर्वांत धाकटी. रुसून आत बसलेल्या ज्ञानदेवांना ताटी उघडायला तिनेच विनवले. दार बाहेरून वाजवता येते, उघडावे मात्र आतल्यानेच लागते, हे ताटीचे अभंग लहानपणापासून म्हणूनही माझ्या कधी ध्यानात आले नव्हते.

त्या संध्याकाळी हरिपाठाला डोळे मिटले, पण घर शोधायला गेले नाही. कोनाडा दिसला नाही, चूलही नाही. श्वास तेवढा संथ येत-जात होता आणि मला कुठे जायचे राहिले आहे असे वाटत नव्हते. किती वेळ गेला, कळले नाही.

पंगतीत कोणीतरी आजींना माझे गाव विचारले. "हाई आमनी शे," त्या म्हणाल्या. मी टाचेतला दोरा ओढून काढत होते. मान वर न करताच हो म्हटले.