एम्पायर्स पंजाबीत येणार म्हणे

कळंबोलीत ट्रान्सपोर्टचा धंदा असलेल्या माझ्या मित्राचा रात्री फोन आला, "अरे, एज ऑफ एम्पायर्स टू पंजाबीत येतोय म्हणे!" अफवाच आहे, पण ऐकून फार बरं वाटलं.

राज्यं उभारून लढायचा हा कॉम्प्युटर गेम 1999 चा. 2019 च्या डेफिनिटिव्ह एडिशनमध्ये, म्हणजे नव्याने केलेल्या आवृत्तीत, मेनू आणि सूचना हिंदीत आल्या. 2022 मध्ये खेळायला मिळणाऱ्या 'इंडियन्स' या एकाच संस्कृतीच्या जागी हिंदुस्तानी आले, सोबत बंगाली, द्रविड आणि गुर्जरही. मग पंजाबी का नको?

खरी अडचण लिपीची. पंजाबी दोन लिपींत लिहितात. इकडची गुरुमुखी डावीकडून उजवीकडे, सीमेपलीकडची शाहमुखी उजवीकडून डावीकडे. शाहमुखीसाठी नुसता मजकूर बदलून भागत नाही, अख्ख्या स्क्रीनची मांडणी फिरवावी लागते. म्हणून सुरुवात गुरुमुखीपासून व्हावी. मित्राच्या आजीला तेवढीच लिपी येते, आणि नातवाशेजारी बसून ती दर वेळी विचारते, हा किल्ला कुणाचा? तिला ते स्वतः वाचता यायला हवं.

आणि मराठी? देवनागरी तर गेममध्ये आधीपासून चालते. कुणी मजकूर दिला, तर आम्ही नेरूळची पोरं भाषांतराला आजच बसू.