उजवीकडे पाहा

दुपारचं जेवण झालं की मी बनियनवर पडवीत बसतो. हातात वर्तमानपत्र असतं, वाचतो असं नाही. परवा असाच बसलो असताना बाजाराकडे जाणाऱ्या आमच्या बोळवजा रस्त्यात एक भलीमोठी टुरिस्ट बस अडकली. समोरून मासळीचा टेम्पो, मागे दोन रिक्षा, कुणीच मागे घ्यायला तयार नाही. मालवणात सीझनला हे रोजचंच. पण बसच्या आत गाईडचा माईक चालू होता आणि त्याला गप्प बसवत नसावं. "उजवीकडे पाहा, अस्सल कोकणी कौलारू घर." चाळीसएक माना एकदम वळल्या. घरासमोर मी. एका बाईंनी फोटोही काढला. मी पेपर जरा वर धरला, कारण बनियनला भोक होतं.

मला खरं वाईट वाटलं ते डावीकडच्या रांगेचं. ती माणसं अर्धवट उठली, पुढच्याच्या खांद्यावरून वाकली, कुणी "काय आहे, काय आहे" म्हणालं, तोवर टेम्पो मागे सरला आणि बस सुटली. त्या रांगेला मी ओळखतो. जन्मभर मी तिथेच बसलोय. कारण अगदी साधं आहे, मला बस लागत नाही. आमच्या घरात खिडकी ज्याला बस लागते त्याची. ज्याचं पोट मजबूत, त्याने मधल्या वाटेकडची कडा सांभाळावी आणि पिशव्या मांडीवर घ्याव्यात. हा अन्याय आहे असं मी लहानपणी एकदा बोलून दाखवलं, तेव्हा बाबा म्हणाले, "मग ओक." सांगितल्यावर ओकता येत नाही.

राजधानी दिल्ली मी अशीच पाहिली, मावसभावाच्या कानाच्या बाजूने.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. बाबा शिक्षक. दिवाळीच्या सुट्टीत शिक्षक मंडळींनी बायकामुलांसकट दिल्लीची सहल काढली. कोकण रेल्वे तेव्हा भाषणांत धावायची. रुळांवरून ती पूर्ण धावायला 1998 उजाडलं. त्यामुळे आधी रात्रीच्या एसटीने मुंबई, मग दिल्लीची गाडी. सेकंड क्लासच्या बर्थवर पाठ टेकली की मंडळीतलं कुणीतरी हमखास फोमवर थाप मारून म्हणायचं, "ही गादी दंडवत्यांची." मधू दंडवते 1977 साली रेल्वेमंत्री झाले आणि दुसऱ्या वर्गाच्या लाकडी फळ्यांवर त्यांनी गादी आणली. ते आमच्या राजापूर मतदारसंघाचे खासदार. तेव्हा सहलीतलं पहिलं राजकीय स्थळ आम्ही त्याच्यावर झोपून पाहिलं, आणि मला अजूनही वाटतं की सगळ्यांत उपयोगी तेच होतं.

दिल्लीत सकाळी बस आली. गाईड हिंदीत बोलायचा, मध्येच आमची तोंडं बघून सावकाश बोलायचा. मावसभाऊ खिडकीशी, हातात लिंबू. ते तो नाकाशी धरायचा आणि डोळे मिटून घ्यायचा. राष्ट्रपती भवन आलं तेव्हा तो झोपला होता. त्याच्या डोक्यावरून मला जे दिसलं ते असं: आधी लांबून घुमट, खाली खांबांची रांग. बस विजय चौकाकडे सरकू लागली तसे खांब खाली खाली जायला लागले. मग नुसता घुमट. आम्ही जवळ जातोय आणि घर बुडतंय! बंदरावरून ट्रॉलर लांब जाताना आधी त्याचं अंग पाण्याआड होतं आणि डोलकाठी तेवढी उरते, तसं. फरक एवढाच, की ट्रॉलर लांब जात असतो आणि आम्ही जवळ येत होतो. मी बाबांना विचारलं, ते म्हणाले, चढ आहे.

पुढे मोठेपणी वाचलं की या चढावरून दोन वास्तुकार साहेबांचं कायमचं फाटलं होतं. भवन एडविन लटियन्सचं, पुढची नॉर्थ ब्लॉक-साऊथ ब्लॉक ही सचिवालयं हर्बर्ट बेकरची. रायसीना टेकडीचा चढ असा काही ठेवला गेला की खालून येणाऱ्याला भवनाचा दर्शनी भाग दिसेनासा होतो. लटियन्सने बदलासाठी पुष्कळ धडपड केली, पण कुणी ऐकलं नाही. दोघं एकमेकांशी धड बोलेनासे झाले. 1911 च्या दरबारात राजधानी कलकत्त्याहून दिल्लीला आणायचं जाहीर झालं, 1931 मध्ये नव्या दिल्लीचं उद्घाटन झालं, आणि मधली वीस वर्षं खर्चून राजवाडा नेमका सर्वांत मोठ्या रस्त्यावरून झाकला गेला. राज्यकर्त्यांच्या घराला हे शोभतंच म्हणा.

"इसमें तीन सौ चालीस कमरे हैं," गाईड म्हणाला. मी वहीत लिहून घेतलं, शाळेत 'मी पाहिलेले प्रेक्षणीय स्थळ' लिहायचं होतं. माझ्या मागे आत्या बसली होती. ती बराच वेळ हिशोब करत राहिली आणि मग म्हणाली, "ह्येच्या शाकारणीक कितीक पैशे पडत असतले?" दर मे महिन्यात कौलं परतायला माणूस मिळवता मिळवता तिचा जीव जायचा. बाबांनी तिला घुमटाला कौलं नसतात हे समजावलं. तिला पटलं नाही. पाऊस पडतो तिथे गळतं, हे तिचं म्हणणं.

मग संसद. गोल, 144 खांबांची. 18 जानेवारी 1927 ला लॉर्ड आयर्विनने उद्घाटन केलेली. बसने तिच्या बाजूने वळण घेतलं आणि अख्ख्या सहलीत पहिल्यांदा खिडकी आणि कडा यांच्यातला भेद मिटला, कारण गोल इमारत संपता संपत नाही. आत्या खांबांच्या आड बघत राहिली. "आमचे दंडवते थंय बसतत?" गाईड "हां जी" म्हणाला. बाबांचे एक मित्र 144 आकडा ऐकून म्हणाले, "म्हणजे आत कायमची जमावबंदी." मोठी माणसं हसली. मला ते कलम ठाऊक व्हायला मध्ये पुष्कळ वर्षं आणि एक मोर्चा जावा लागला.

बंगल्यांच्या भागात मात्र सगळी दिल्ली एकसारखी. इथे अमके मंत्री, तिथे तमके. दिसायची ती पांढरी भिंत, कुंपणाची मेंदी, बंदूकवाला शिपाई आणि झाडं. रस्त्याच्या दोन्ही कडांना कडुनिंब, जांभूळ. इथली जांभळं कोण खातं, असं आत्याने विचारलं, त्याचंही उत्तर गाईडकडे नव्हतं. बस कुठे थांबत नव्हती. थांबायला परवानगी नाही, असं तो दर दोन वळणांनी सांगायचा.

बस थांबली ती तीन मूर्तीला. मग सफदरजंग रोडला, मग बिर्ला हाऊसला, शेवटी राजघाटाला. सगळी गेलेल्यांची घरं. हे तेव्हा नाही सुचलं, आता लिहिताना यादी लावली तेव्हा दिसलं. जो राज्य करतोय त्याची भिंत बसमधून बघायची. तो गेला की उतरायचं, चपला काढायच्या, त्याची खाट, चष्मा, टेबल जवळ जाऊन बघायचं. तीन मूर्तीत नेहरू 1964 पर्यंत, अगदी शेवटपर्यंत राहिले, ती पुस्तकं तशीच लावलेली. सफदरजंग रोडला इंदिरा गांधींची साडी काचेत, तिला गोळ्यांची भोकं. त्या ज्या वाटेवरून चालत निघाल्या होत्या तिच्यावर काच घातलेली. पलीकडच्या बंगल्यात मुलाखतीसाठी पीटर उस्तिनोव्ह हा नट कॅमेरा लावून थांबला होता. मुलं एरवी दंगा करतात, तिथे कुणी केला नाही. आमच्यातल्या सगळ्यांना ती बातमी ऐकल्याचा दिवस आठवत होता. शाळा सोडून दिली होती.

बिर्ला हाऊसला खोलीपासून प्रार्थनेच्या जागेपर्यंत गांधीजींची पावलं केली आहेत. मी मालवणचा. पावलं मला नवी नव्हती. सिंधुदुर्गात तटाजवळच्या घुमट्यांत महाराजांच्या हाताचा आणि पायाचा ठसा चुन्यात आहे, तो मी होडीने जाऊन कितीदा बघितला होता. पण किल्ल्यातला ठसा आत दबलेला, आणि इथली पावलं जमिनीतून वर उठलेली. मला ते खटकलं. आत्याला नाही खटकलं. तिने पहिल्या पावलाला वाकून नमस्कार केला आणि मग पदर सावरत पावलांच्या शेजारून चालायला लागली, एकास एक. मध्येच थांबून म्हणाली, "बेगीन चलत होते." ती टांगा टाकत, जवळजवळ पळत त्या खांबापर्यंत पोचली. त्या संध्याकाळी सरदार पटेलांशी बोलण्यात गांधीजींना प्रार्थनेला उशीर झाला होता, म्हणून ते भराभर निघाले होते. हे तिला कुणी सांगितलेलं नव्हतं. गांधीजी त्या घरात शेवटचे 144 दिवस होते असं गाईड म्हणाला, आणि वहीत संसदेच्या आकड्याखाली मी पुन्हा तोच आकडा लिहिला. गुरुजींना वाटलं मी कॉपी केली.

ती वही आता कुठल्याही परीक्षेत नापास होईल. राजपथाचा 2022 मध्ये कर्तव्यपथ झाला, रेसकोर्स रोडचा त्याआधीच लोककल्याण मार्ग. गोल संसदेत आता कामकाज चालत नाही; 2023 मध्ये शेजारी त्रिकोणी नवी बांधली आणि जुनीला संविधान सदन नाव दिलं. तीन मूर्तीत आता सगळ्याच पंतप्रधानांचं संग्रहालय आहे. मोठेपणी गेलो तेव्हा मला भेटायचं होतं ते शास्त्रीजींच्या फियाटला. पंतप्रधान असताना बँकेचं कर्ज काढून घेतलेली ती गाडी मोतीलाल नेहरू प्लेसच्या त्यांच्या घरात ठेवली आहे. कर्ज फिटायच्या आत ते ताश्कंदला गेले ते गेलेच. उरलेलं त्यांच्या पत्नीने फेडलं. गाडीला खिडक्या चार, आणि चारही जागा खिडकीच्या. मी उगाच बराच वेळ उभा राहिलो.

पण गुरुजींचं सांगायचं राहिलं. वर ओझरते आलेत तेच. बाबांच्या शाळेतले हे गुरुजी मूळ मंडणगड तालुक्यातले. 1981 पर्यंत रत्नागिरी-सिंधुदुर्ग एकच जिल्हा होता, त्या काळात बदली होऊन खाली आले आणि इथलेच झाले. सहलीत ते फार बोलत नसत. बिर्ला हाऊसहून बस निघताना त्यांनी गाईडला विचारलं, "छब्बीस अलीपूर रोड कब आएगा?" गाईडने यादी पाहिली. "वो अपने रूट में नहीं है." "कितना दूर है?" "उधर कुछ देखने का नहीं है, मास्टरजी."

गुरुजी उठले, पिशवी घेतली आणि पुढच्या सिग्नलला उतरून गेले. बाबा ओरडत राहिले की परत लॉजवर कसे येणार. आम्ही राजघाट केला, लाल किल्ला केला. रात्री नऊच्या सुमाराला गुरुजी आले. बाबांनी विचारलं, "काय होतं तिथे?"

"बंगला आहे. खाजगी. कुणाचं तरी राहतं घर," गुरुजी म्हणाले. "फाटकातून पाहिलं."

मंडणगडात आंबडवे आहे, बाबासाहेबांचं मूळ गाव. 1951 मध्ये कायदामंत्रिपदाचा राजीनामा दिल्यावर बाबासाहेब अलीपूर रोडच्या त्या बंगल्यात राहायला गेले, आणि 6 डिसेंबर 1956 ला तिथेच झोपेत गेले. राज्यघटना लिहिणाऱ्या माणसाचं दिल्लीतलं शेवटचं घर, आणि आमची बस संसदेला वळसा घालून आली तरी तिच्या यादीत ते नव्हतं. जागा सरकारकडे यायला 2003 उजाडलं. एप्रिल 2018 मध्ये तिथे उघड्या पुस्तकाच्या आकाराचं स्मारक झालं.

ते गुरुजींनी पाहिलं नाही. त्याच्या आधीच गेले. मी गेलो तेव्हा फोटो काढून त्यांच्या मुलाला पाठवला. तोही शिक्षकच. अर्ध्या तासाने त्याचं उत्तर आलं, "भाऊ, तिथे सहलीची बस लागते का? शाळेची चाळीस पोरं आहेत." मी लिहिलं, बसची खात्री नाही, मेट्रोने सिव्हिल लाइन्सला उतरा.