नारळ उभा राहतो त्याची गोष्ट

मी कॉलेजात भूशास्त्र शिकवतो. पैठणहून निघालेल्या नाथांच्या पालखीसोबत पहिल्यांदाच चालायला आलो, आणि गाठ पडली ती नेमकी एका पाणाड्याशी, म्हणजे तळहातावर आडवा नारळ धरून चालणाऱ्याशी: नारळ उभा राहिला की खाली पाणी. विठोबालाही गंमत लागत असावी.

आबा केजकडचे. सत्तरी ओलांडलेली, पायात टायरच्या चपला, खांद्याच्या झोळीत चिपळ्या, तंबाखूची डबी आणि एक नारळ. प्रस्थान ज्येष्ठ वद्य सप्तमीचं, म्हणजे मराठवाड्यात पेरणीआधी आभाळाकडं बघत बसायचे दिवस. दिंडीत अभंग थांबला की बोलणं पावसावर यायचं, पावसावरून बोअरवर. मी काय शिकवतो ते कळल्यावर आबांनी मला सोडलंच नाही.

त्यांचं म्हणणं असं. पाणी आणि गोष्ट एकाच वाटेनं जातात. दोन्ही मुरतात. एखाद्या जागेबद्दल माणसं पिढ्यान् पिढ्या बोलत राहिली की जमीन ते ऐकते आणि हळूहळू तशी व्हायला लागते. जिथं काहीच सांगितलं जात नाही तिथली जमीन मुकी, ती पाणी धरत नाही.

मी पुरावा मागितला. "नाथाचा रांजन," आबा म्हणाले.

तो रांजण मला माहीत होता. नाथषष्ठीला पैठणच्या नाथवाड्यात मीही त्यात तांब्या रिकामा केलाय. देवानं श्रीखंड्या होऊन नाथांच्या घरी बारा वर्षं कावडीनं पाणी भरलं, अशी कथा. आजही भाविक रांजणात पाणी ओततात. त्यातली एक घागर देवाची असते, आणि ती पडली की रांजण भरून वाहतो, असं मानतात.

"लोक वततात म्हणून भरतो, आबा."

"व्हय की. पण लोक कामून वततात? देवाची घागर कोन्ची ते कुनालाच ठावं नाही. म्हणून जो तो आपली घागर जपून वततो. न जानो, आपलीच आसंल!"

यावर काय बोलणार. मी बेसाल्टवर आलो. पायाखालचा हा काळा पाषाण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. अखंड असेल तर थेंब धरत नाही. पाणी असतं ते वरच्या मुरमात, बारीक छिद्रांच्या मांजऱ्या खडकात आणि भेगांमध्ये. त्या भेगा पडल्या तेव्हा गोष्ट सांगायला माणूसच नव्हता.

आबांनी शांतपणे ऐकलं. मग म्हणाले, "मंग ही गोष्ट आता कोन सांगायलंय?"

रायमोह्याच्या अलीकडं एका वस्तीवर घरासमोर प्लास्टिकचे ड्रम मांडले होते. एक बाई डोईवरचा पदर सावरत येईल त्याला गडव्यानं पाणी वाढत होत्या. सवयीनं मी विहिरीची पातळी विचारली. विहीर चैतातच आटलेली, हे टँकरचं पाणी, तेही एक दिवस आड येणारं. मी गडवा अर्धाच रिकामा केला, तर त्या रागावल्या. "घ्या की माउली. नाथबाबांनी काशीची कावड गाढवाला पाजली, अन् तुम्हाला नाही म्हणू का?"

आबा माझ्याकडं बघून हसलेसुद्धा नाहीत. तेच जास्त लागलं. वाळवंटात तहानेनं तडफडणारं गाढव आणि रामेश्वराला निघालेलं गंगाजल. नाथ जाऊन चारशेहून अधिक वर्षं झाली. कोरड्या विहिरीच्या गावात माझ्या घशाखाली उतरलेलं पाणी मात्र त्या गोष्टीतूनच आलं होतं. हे भूजल नव्हे हे खरं, पण माझ्या कुठल्याच तक्त्यात ते बसत नव्हतं.

पाटोद्याच्या मुक्कामी पाऊस आला, ताडपत्री गळायला लागली, आणि झोप उडालेले आम्ही दोघं एका ओट्यावर बसून राहिलो. तिथं आबांनी दुसरी बाजू सांगितली. एका शेतकऱ्याला त्यांनी तीन जागा दाखवल्या. तिन्हीकडं नारळ उभा राहिला. तिन्ही बोअर कोरडे गेले, नुसता फुफाटा उडाला. मोसंबीची बाग वाळली, बैलजोडी गेली, कर्ज राहिलं.

"गोष्टीनं पानी लागंल, नाही लागंल," आबा म्हणाले, "पन भोक पडतंच, सर. ते खरंच आसतंय. अजून तिथंच हायेत तिन्ही. वर फरशी ठिवलीय."

तेव्हापासून ते वारी करतात. नारळ झोळीत ठेवतात, तळहातावर घेत नाहीत. इतके दिवस मी त्यांचा सिद्धांत खोडायच्या नादात होतो. त्याची किंमत त्यांनी माझ्याआधीच मोजलेली होती.

पुढं खर्ड्यापर्यंत आम्ही या विषयावर बोललो नाही. माझा गुडघा सुजला होता, त्याची वर्णनं करून मी सगळ्यांना कंटाळवलं.

परंड्याच्या अलीकडं एका शेतात दुपारचा विसावा होता. पिठलं-भाकरी वाढणाऱ्या शेतकऱ्यानं आबांची झोळी ओळखली. पाचवा बोअर घ्यायचाय, जागा दाखवा. आबा गप्प. मग माझ्याकडं बोट केलं, "हे शिकलेले हायेत, ह्यांला इचारा."

मी उतार बघितला, नाला बघितला, जुन्या विहिरीच्या कडेचा मुरूम हातानं चोळून बघितला. म्हणालो, बोअर नकोच. विहिरीच्या वरच्या अंगाला नाल्यावर बांध घाला, पाणी मुरू द्या, विहिरीतला गाळ काढा. शेतकऱ्यानं मान डोलावली. वर्गात मागच्या बाकावरची पोरं डोलावतात, तशी. आणि पुन्हा आबांकडं बघितलं.

आबांनी बराच वेळ काही केलं नाही. मग झोळीतून नारळ काढला, तळहातावर आडवा ठेवला आणि विहिरीच्या वरच्या अंगानं नाल्याकडं चालत गेले. नाल्याच्या काठावर नारळ उभा राहिला.

"हितं बांध घाल," आबा म्हणाले. "बोअर घिऊ नको."

शेतकऱ्यानं वाकून त्यांच्या पायाला हात लावला आणि लगेच जागेवर दगडांची खूण रचली.

संध्याकाळी चालताना मी विचारलं, "आबा, नारळ आपोआप उभा राहिला, का तुम्ही केला?"

"तुम्ही सांगितल्यालं खरं व्हतं का?"

"होतं."

"मंग झालं तर," म्हणत त्यांनी नारळ वाटेतल्या दगडावर फोडला. खोबरं थोडं खवट होतं. तरी दिंडीत पुरवून पुरवून वाटलं.