इतकी वर्षं लढून आता म्युच्युअल (परस्परसंमतीनं घटस्फोट) करायचं?

पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयातल्या प्रकरणांत मी मध्यस्थ म्हणून बसते. तिथे हा प्रश्न दोन्ही बाजूंकडून येतो, आणि त्यांच्या आईवडिलांकडून तर हमखास: "एवढ्या तारखा झाल्या, आता म्युच्युअल केलं म्हणजे आम्ही हरलोच ना?" तुम्ही विचारलंत म्हणून सविस्तर सांगते.

नाही, हरला नाहीत. क्रूरता सिद्ध करून निकाल मिळवलात तरी समोरचा अपिलात जातो. शिवाय घटस्फोट एका कोर्टात, कौटुंबिक हिंसाचाराचा अर्ज दुसऱ्या, ४९८अ म्हणजे सासरच्या छळाची फौजदारी केस (जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना भारतीय न्याय संहितेचं कलम ८५) तिसऱ्या. एका केसचा निकाल लागला तरी बाकीच्या चालूच. सगळं एका टेबलावर येतं ते मध्यस्थीतच.

आणि तिथे बसल्यावर कळतं की भांडण बहुतेकदा घटस्फोटाचं उरलेलंच नसतं. एका जोडप्याचं सगळं ठरलं होतं: एकरकमी पोटगी, मुलाचा ताबा, फ्लॅटचे हप्ते. तरी ती सही करेना. वेगळं बसवून विचारलं तेव्हा उलगडा झाला. लग्नात आईनं दिलेली चांदीची अन्नपूर्णा सासरच्या देवघरात राहिली होती. स्त्रीधनाच्या यादीत तिची नोंद नव्हती. यादी सगळी तोळ्यांत होती. तिच्या परवानगीनं मी त्याला सांगितलं. तो म्हणाला, "आधी सांगितलं असतं तर तेव्हाच दिली असती." ती म्हणाली, "आपल्याला बोलू कुणी दिलं?" पुढच्या बैठकीला तो अन्नपूर्णा घेऊन आला. साक्षी-पुराव्यात हे कधीच निघालं नसतं. मध्यस्थीतलं बोलणं कोर्टात पुरावा म्हणून वापरता येत नाही, म्हणूनच माणसं तिथे मोकळी होतात.

कायद्याचं थोडक्यात. परस्परसंमतीचं कलम १३ब हिंदू विवाह कायद्यात १९७६ साली आलं. अर्जानंतर सहा महिने थांबायचं असतं, पण दीर्घकाळ वेगळे राहिलेल्या आणि पोटगी, ताबा सगळं मिटवलेल्या जोडप्यांना कोर्ट ही मुदत माफ करू शकतं, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१७ मध्ये स्पष्ट केलं. मात्र घटस्फोटाचा हुकूमनामा (कोर्टाचा अंतिम आदेश) होईपर्यंत संमती मागे घेता येते, हे त्याच न्यायालयानं १९९१ मध्ये सांगितलेलं आहे. त्यामुळे पैसे टप्प्यांत बांधायचे: काही अर्जाच्या वेळी, उरलेले शेवटच्या जबाबाच्या दिवशी डिमांड ड्राफ्टनं. ४९८अ ची केस रद्द करून घ्यायला कोण कधी सही देणार, तेही लिहायचं.

कन्सेंट टर्म्समध्ये, म्हणजे दोघांनी मान्य केलेल्या लेखी अटींत, "मुलाला सोयीनुसार भेटावे" हे वाक्य दिसलं की मी कागद परत करते. कुणाच्या सोयीनं? दिवाळीची सुट्टी निम्मी कुणाकडे, मे महिना कुठे, आणायला-सोडायला कोण, शाळेची फी किती तारखेपर्यंत, सगळं लिहा. मोघम लिहिलेली माणसं पुन्हा कोर्टात येतात.

एक मात्र ठामपणे सांगते. मारहाण आणि धमक्या चालू असतील, आणि बाई भीतीपोटी मान डोलावत असेल, तर मी मध्यस्थी थांबवते. अशा ठिकाणी "मुलांकडे बघून मिटवा" म्हणणाऱ्या नातेवाइकांचं ऐकू नका, आधी संरक्षणाचा आदेश घ्या.

बाकीच्यांनी वकिलांकडून सगळ्या केसेसचे नंबर एका कागदावर लिहून घ्यावेत आणि पुढच्या तारखेला न्यायाधीशांकडे मध्यस्थीची विनंती करावी. उलटतपासणी चालू असली तरी करता येते, अपिलातसुद्धा.