तीन भागांचा ग्राऊटी

रविवार, रात्री उशिरा

आज पुन्हा 'द रिमेन्स ऑफ द डे' हा सिनेमा लावला, तोही पीटर व्हॉन या ब्रिटिश नटासाठी. अँथनी हॉपकिन्स आणि एमा थॉम्पसन समोर असताना मी हॉपकिन्सच्या म्हाताऱ्या बापाकडे, म्हणजे व्हॉनकडे, डोळे लावून बसते, हे घरात कुणाला पटत नाही. पण तो प्रसंग बघाच. म्हातारा बटलर काम करता करता गुडघ्यांवर कोसळलाय, आणि ट्रॉलीच्या दांडीवरची मूठ काही सुटत नाही. लेकाला ती बोटं सोडवावी लागतात. व्हॉन हॉपकिन्सपेक्षा जेमतेम चौदा वर्षांनी मोठा, तरी बापलेक म्हणून कुठेही खटकत नाहीत.

व्हॉनचा १९२३ साली इंग्लंडच्या श्रॉपशरमधल्या वेम गावी जन्म, वुल्व्हरहॅम्प्टनच्या रंगभूमीवर सुरुवात, मग महायुद्धात सैन्यात. परत येऊन पुन्हा नाटकं आणि नंतर टीव्ही. धिप्पाड अंग, बारीक डोळे. त्यामुळे वाट्याला येणार एक तर पोलीस, नाहीतर गुंड.

ब्रिटनमधले लोक मात्र त्याला ओळखायचे ते बीबीसीच्या 'पोरीज' या तुरुंगातल्या विनोदी मालिकेतल्या हॅरी ग्राऊट ऊर्फ 'ग्राऊटी'मुळे. तुरुंगातला दादा. आवाज चढवत नाही, गोड बोलतो, आणि समोरच्याची पाचावर धारण बसते. इतका दरारा, पण टीव्हीवर तो दिसला फक्त तीन भागांत! नंतर त्याच मालिकेवरच्या १९७९च्या सिनेमात आला तेवढंच. विनोदी मालिकांचा तेव्हाचा शिरस्ता असा की आधी तालमी, मग एका संध्याकाळी स्टुडिओत प्रेक्षकांसमोर चित्रीकरण. प्रेक्षक आलेले मालिकेचा नायक रॉनी बार्करसाठी, बाकीची मंडळी एकमेकांत मुरलेली. पाहुण्या नटाला हातात येणार चार-दोन प्रसंग, त्यातच काय ते करून दाखवायचं. व्हॉन तेवढ्यात भाव खाऊन जायचा. काही न करता, हे विशेष.

या धंद्याची दुसरी बाजूही त्याच्याच कारकिर्दीत सापडते. 'सिटिझन स्मिथ' या विनोदी मालिकेत तो नायकाच्या मैत्रिणीचा बाप होता. तो बाहेर पडला, त्याच्या जागी टोनी स्टीडमन हा दुसरा नट आला, बाप तोच राहिला आणि मालिका पुढे चालू. नायक बदलला असता तर केवढा गहजब झाला असता!

पुढे 'गेम ऑफ थ्रोन्स'मध्ये आंधळा मेस्टर, म्हणजे विद्वान-वैद्य, एमन. तोवर त्याची स्वतःचीही दृष्टी बरीच गेलेली. नव्वदी ओलांडलेल्या माणसाला जगभरची तरुण पोरं ओळखायला लागली, आणि कित्येकांना वाटलं हा कुणी नवीन म्हातारा सापडलाय. २०१६च्या डिसेंबरात तो गेला.

मला विचाराल तर या सगळ्यांहून वरचढ त्याचा १९९६चा फेलिक्स, 'अवर फ्रेंड्स इन द नॉर्थ' या मालिकेतला. एकेकाळी जॅरोच्या मोर्च्यात, म्हणजे १९३६ साली बेकारांनी लंडनपर्यंत काढलेल्या पायी मोर्च्यात, चाललेला हा कामगार म्हातारपणी अल्झायमरमध्ये हरवत जातो. ती मालिका आज मुद्दाम लावली नाही. उद्या ऑफिस आहे, आणि ती बघितली की मला झोप लागत नाही.