तुम्ही विचारलंत म्हणून: प्लेटलेट्स गुडघ्यात कशाला टोचतात?

"मॅडम, प्लेटलेट तं डेंगूत लागते ना? मग हे लोक गुडघ्यात काऊन टोचून रायले?"

नागपुरात धंतोलीतल्या माझ्या लॅबमध्ये हा प्रश्न आता ठरलेला झालाय. कोणाला हाडांच्या डॉक्टरांनी पीआरपी सुचवलेलं असतं, कोणाच्या मुलीने केस गळतात म्हणून धरमपेठेत पॅकेज घेतलेलं असतं, कोणी नुसतीच जाहिरात वाचलेली असते. पीआरपी म्हणजे प्लेटलेट-रिच प्लाझ्मा. तुमचंच रक्त काढायचं, मशीनमध्ये फिरवून त्यातला प्लेटलेट्सचा दाट भाग वेगळा करायचा आणि तो तुम्हालाच टोचायचा. शंका रास्त आहे, कारण नागपूरला प्लेटलेट्सची ओळख डेंगूनेच करून दिली. कूलरच्या टाकीत उरलेलं पाणी, सप्टेंबर-ऑक्टोबरचा ताप आणि रोज संध्याकाळी घरादाराची एकच चौकशी, "आज किती आल्या?" त्यामुळे प्लेटलेट्स रक्तस्राव थांबवतात आणि त्या जितक्या जास्त तितक्या चांगल्या, हे डोक्यात पक्कं बसलंय. यातलं पहिलं खरं आहे. दुसऱ्याची गडबड आहे, आणि ती पुढे येईलच.

गुडघ्यात टोचतात ते रक्त गोठवायला नाही. प्लेटलेट चेतवली गेली की ती बरीच प्रथिनं बाहेर टाकते. सगळी धडपड त्या प्रथिनांसाठी.

प्लेटलेट ही धड पेशीसुद्धा नाही. बोन मॅरोमध्ये मेगाकॅरिओसाइट नावाची अवाढव्य पेशी असते, तिचे तुकडे पडून प्लेटलेट्स बनतात. आकार दोन-तीन मायक्रॉन, केंद्रक नाही, आयुष्य सात ते दहा दिवसांचं. पण घरून निघताना आईने शिदोरी बांधून द्यावी तशी मेगाकॅरिओसाइट तिला प्रथिनांचा साठा भरून देते. हा साठा ज्या सूक्ष्म पिशव्यांत असतो त्यांना अल्फा ग्रॅन्युल म्हणतात, आणि एवढ्याशा प्लेटलेटमध्ये त्या साधारण ५० ते ८० असतात. काही माल वाटेतही भरला जातो. गुठळीचे धागे ज्यापासून बनतात ते फायब्रिनोजेन, अल्ब्युमिन ही प्रथिनं ती रक्तातूनच आत ओढून घेते. चेतवलेल्या प्लेटलेट्स ३०० हून अधिक वेगवेगळी प्रथिनं सोडतात, हे २००४ मध्ये एका अभ्यासाने दाखवलं.

स्लाइडवर हा साठा दिसतो. लिशमन नावाच्या रंगाने रंगवलेला रक्ताचा पातळ थर मोठ्या लेन्सखाली धरला की लाल पेशींच्या मधल्या जागेत प्लेटलेट्स विखुरलेल्या असतात. फिकट निळसर ठिपका आणि त्यात जांभळट रवा. तो रवा म्हणजेच अल्फा ग्रॅन्युल. फार क्वचित एखाद्या रुग्णाच्या स्लाइडवर रवाच नसतो, प्लेटलेट्स मोठ्या आणि राखाडी दिसतात. या आनुवंशिक आजाराचं नावच ग्रे प्लेटलेट सिंड्रोम. १९७१ मध्ये त्याचं पहिलं वर्णन झालं आणि २०११ मध्ये त्यामागचा जनुकही सापडला. या लोकांना रक्तस्राव होतो, हे समजण्यासारखं आहे. पण पुढे त्यांच्या बोन मॅरोमध्ये तंतुमय जाळंही वाढतं. पिशव्यांत थांबत नाहीत ती वाढीची प्रथिनं मॅरोमध्येच झिरपत राहतात आणि तिथे व्रणासारखी ऊती तयार होते, असा त्याचा अर्थ लावला जातो. प्रथिनं तीच, फक्त चुकीच्या जागी सुटलेली. पीआरपीबद्दल विचार करताना मला हा आजार नेहमी आठवतो.

ही वाढीची प्रथिनं सापडली त्याची गोष्ट सांगायचा मोह मला आवरत नाही, कारण ती आमच्या रोजच्या टेस्टट्यूबमधली आहे. लॅबमध्ये आम्ही रक्त दोन तऱ्हांनी घेतो. जांभळ्या झाकणाच्या ट्यूबमध्ये गोठू न देणारं रसायन असतं, त्यातून मिळतो तो प्लाझ्मा. लाल झाकणाच्या ट्यूबमध्ये रक्त गोठू देतात, गठ्ठा खाली बसतो आणि वर पिवळं पाणी सुटतं, ते सीरम. दिसायला दोन्ही सारखीच पिवळी. फायब्रिनोजेन संपलेला प्लाझ्मा म्हणजे सीरम, इतकंच आम्ही शिकलो होतो. पण रक्त गोठताना प्लेटलेट्सही आपला साठा त्यात रिकामा करतात. १९७४ मध्ये अमेरिकेत रसेल रॉस आणि त्यांचे सहकारी माकडाच्या धमनीतल्या स्नायूपेशी काचेच्या बशीत वाढवत होते. सीरम घातलं की पेशी भराभर वाढत. ज्या रक्तातून प्लेटलेट्स आधीच काढून टाकल्या होत्या त्याचं सीरम घातलं, तर पेशी जिवंत राहत पण वाढत नसत. त्यातच प्लेटलेट्समधून सुटलेला माल मिसळला की पुन्हा वाढायला लागत. त्या मालातल्या प्रथिनाला पुढे पीडीजीएफ, म्हणजे प्लेटलेट्समधून मिळालेला वाढ-घटक, हे नाव पडलं. १९८३ मध्ये टीजीएफ-बीटा हे दुसरं मोठं प्रथिनही माणसाच्या प्लेटलेट्समधूनच शुद्ध करून काढलं गेलं. तिसरं व्हीईजीएफ, जे नव्या रक्तवाहिन्या फुटायला लावतं. त्याची तपासणी प्लाझ्माऐवजी सीरमवर केली तर आकडा बराच जास्त येतो, कारण अर्थात तेच.

जखमेत हे सगळं कामाला येतं. आधी फॅक्टर ५, फायब्रिनोजेन, फॉन विलेब्रांड फॅक्टर गुठळी बांधायला मदत करतात. पीएआय-१ नावाचं प्रथिन ती गुठळी लवकर विरघळू देत नाही. मग पीडीजीएफ दुरुस्ती करणाऱ्या पेशींना बोलावून घेतं, टीजीएफ-बीटा त्यांच्याकडून कोलॅजन घालून घेतं, व्हीईजीएफ नव्या वाहिन्या आणतं. पीआरपीची जाहिरात इथपर्यंतच सांगते.

पुढचं मी सांगते. रॉस जखमांवर काम करत नव्हते. धमन्यांत चरबीचे थर का साचतात, हा त्यांचा प्रश्न होता, आणि धमनीच्या भिंतीतल्या पेशी नको तेवढ्या वाढवण्यात पीडीजीएफचा हात असावा असा त्यांचा संशय होता. १९८३ मध्येच लक्षात आलं, की माकडांत कॅन्सर घडवणाऱ्या एका विषाणूचा जनुक जवळजवळ पीडीजीएफचाच आराखडा आहे. टीजीएफ-बीटा जखम भरतं आणि यकृतात, फुप्फुसात, किडनीत व्रणही वाढवतं. रक्तात भटकणाऱ्या कॅन्सरच्या पेशीला प्लेटलेट्स चिकटल्या तर त्याच टीजीएफ-बीटामुळे तिला दुसरीकडे बस्तान बसवणं सोपं जातं, हे उंदरांवरच्या प्रयोगांत दिसलंय. म्हणून "आपलंच रक्त आहे, नुकसान काय होणार" हे वाक्य ऐकलं की मी जरा थांबवते. चांगलं-वाईट प्रथिनात नसतं. ते कुठे सुटलं, केव्हा सुटलं आणि किती वेळ राहिलं, यावर सगळं असतं.

"जास्त तितक्या चांगल्या" याचा निकाल लावायला प्लेटलेट फॅक्टर ४ पुरेसा आहे. आम्ही त्याला पीएफ४ म्हणतो. अँजिओप्लास्टीत, डायलिसिसमध्ये रक्त पातळ ठेवायला हेपॅरिन देतात. पीएफ४ हेपॅरिनला जाऊन चिकटतं. काही थोड्या रुग्णांत या जोडगोळीविरुद्ध प्रतिपिंडं तयार होतात आणि ती प्लेटलेट्सना चेतवतात. त्या आणखी पीएफ४ सोडतात आणि चक्र फिरू लागतं. रिपोर्टवर आकडा घसरतो, बहुधा हेपॅरिन सुरू केल्यापासून पाच ते दहा दिवसांत, पण रुग्णाला रक्तस्राव होत नाही. उलट गुठळ्या होतात. अशा वेळी हेपॅरिन थांबवून दुसरं औषध देतात, आणि डेंगूच्या सवयीने प्लेटलेट्सची पिशवी चढवणं सहसा टाळतात. नातेवाइकांना हे पटवणं महाकठीण! २०२१ मध्ये कोरोनाच्या अ‍ॅडिनोव्हायरसवर आधारित लशींनंतर क्वचित गुठळ्या झाल्या, त्याही पीएफ४ विरुद्धच्या प्रतिपिंडांमुळेच, तेही हेपॅरिनशिवाय. तो प्रकार लस घेतल्यानंतरच्या पहिल्या काही आठवड्यांतला होता, त्यामुळे आज त्याची धास्ती घेऊन बसायचं कारण नाही.

आणि हेच पीएफ४ मलेरियाशी लढतं. गडचिरोलीकडून येणाऱ्या रुग्णांत फाल्सिपेरम, म्हणजे मलेरियाचा घातक प्रकार, आम्हाला नवा नाही. परोपजीवी शिरलेल्या लाल पेशीला प्लेटलेट चिकटते आणि पीएफ४ सोडते, ते आत जाऊन परोपजीवीला मारतं. त्यासाठी लाल पेशीवर डफी नावाचं प्रथिन असावं लागतं, हे २०१२ मध्ये सिद्ध झालं. आपल्याकडे बहुतेकांच्या लाल पेशींवर ते असतं. पश्चिम आफ्रिकेत बहुतेकांच्या नसतं, म्हणजे तिथे हे हत्यार चालत नाही. अर्थात याचा अर्थ मलेरियाला गोळ्या लागत नाहीत असा कोणी काढू नये. २०२३ मध्ये तर म्हाताऱ्या उंदरांना पीएफ४ टोचल्यावर त्यांची स्मरणशक्ती सुधारल्याचे निष्कर्ष आले. उंदरांना, हे दोनदा वाचा. उद्या कोणी त्याचंही पॅकेज काढेल.

आता गुडघा. पीआरपी चेतवलं की त्यातली साठवलेली प्रथिनं बहुतांशी पहिल्या तासाभरातच बाहेर पडतात. खऱ्या जखमेत प्लेटलेट्स सुरुवात करून देतात आणि मग पांढऱ्या पेशी व इतर पेशी आठवडेच्या आठवडे तीच प्रथिनं हवी तशी बनवत राहतात. झिजलेल्या गुडघ्यात ताजी जखमच नसते. शिवाय पीआरपीचं ठरलेलं माप नाही. प्लेटलेट्स किती पट, पांढऱ्या पेशी ठेवायच्या की काढायच्या, इंजेक्शनं किती, हे दर दवाखान्यात वेगळं. २०२१ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या २८८ रुग्णांवरच्या अभ्यासात निम्म्यांना पीआरपी आणि निम्म्यांना मिठाचं पाणी दिलं होतं. वर्षभरानंतर वेदनेत आणि कूर्चेत म्हणण्यासारखा फरक आढळला नाही. मिठाच्या पाण्यानेही बऱ्याच जणांना बरं वाटलं होतं! काही लहान अभ्यास पीआरपीच्या बाजूचे आहेत. पण माझ्या आईचा गुडघा असता तर मी वजन, मांडीच्या स्नायूंचा व्यायाम आणि चांगला फिजिओथेरपिस्ट यांवर पैसे घातले असते. केसांच्या बाबतीत लहान अभ्यासांत थोडा फायदा दिसतो, तेव्हा तिथे पैसा तुमचा, हौस तुमची. फक्त आधी हिमोग्लोबिन, फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा) आणि थायरॉइड तपासून घ्या.

जिथे खरी जखम आहे तिथे गोष्ट वेगळी. मधुमेही माणसाच्या पायाच्या न भरणाऱ्या जखमेसाठी यीस्टमध्ये बनवलेल्या पीडीजीएफचं जेल, बेकाप्लर्मिन, अमेरिकेत १९९७ मध्ये मंजूर झालं. २००८ मध्ये त्यावर कॅन्सरविषयी कडक इशारा आला आणि पुढची माहिती तपासून २०१८ मध्ये तो काढला गेला. एका प्रथिनाला, ठरलेल्या मापात, वरून लावायला इतकी छाननी लागली.

करायचंच असं ठरलं असेल तर एक गोष्ट नीट ऐका. पीआरपीआधी काही दिवस दुखण्याच्या गोळ्या बंद ठेवा, असं सांगतात. अ‍ॅस्पिरिन प्लेटलेटमधलं एक एन्झाइम कायमचं निकामी करतं, आणि केंद्रक नसल्याने प्लेटलेट ते पुन्हा बनवू शकत नाही. ती मरेपर्यंत तशीच राहते. प्लेटलेट्स नीट चेतवल्या जाव्यात म्हणून ही सूचना असते. पण ज्यांना स्टेंट टाकलाय किंवा हार्ट अटॅक येऊन गेलाय, त्यांच्या प्लेटलेट्स चेतवल्या जाऊ नयेत म्हणूनच तर अ‍ॅस्पिरिन चालू असतं. ते स्वतःच्या मनाने बंद केलं तर गुठळी स्टेंटमध्ये होऊ शकते. दवाखान्यातल्या मुलीने छापील कागद हातात दिला म्हणून गोळी सोडू नका. आधी हृदयाच्या डॉक्टरांना विचारा, आणि ते नाही म्हणाले तर गुडघ्याचं इंजेक्शन राहू द्या.