वाजवून पोट भरत नाही, मग काय? इयन कार आणि लंडनचं जॅझ

लंडनमध्ये चांगलं जॅझ ऐकायला फार पैसे लागत नाहीत आणि वाजवणाऱ्यांची तीच तर रड आहे. सोहोतल्या रॉनी स्कॉट्स या जॅझ क्लबचं तिकीट महाग असतं, मान्य. पण रविवारी दुपारी एखाद्या साध्याशा पबच्या कोपऱ्यात चारपाच अव्वल वादक जमतात, मध्यंतरात त्यांच्यातलाच एक जण बिअरचा रिकामा जग घेऊन टेबलांमधून फिरतो, आणि लोक त्यात नोटा-नाणी टाकतात. माहेरी दुकान असल्यामुळे मला गल्ला मोजायची खोड आहे. त्या बिअरच्या जगमध्ये साधारण किती पैसे जमले असतील, त्याला पाचाने भागलं तर प्रत्येकाच्या हातात काय पडेल, हा हिशेब मी मनात करून बघते. शेवटच्या ट्रेनचं भाडं आणि एक सँडविच, फार फार तर.

मग ही माणसं जगतात कशावर?

मुंबईत या प्रश्नाचं उत्तर सिनेमाने दिलं होतं. गोव्यातल्या चर्चच्या शाळांमध्ये नोटेशन घोटून आलेली पोरं मुंबईला यायची, रात्री हॉटेलात जॅझ वाजवायची आणि दिवसा रेकॉर्डिंग स्टुडिओत. आल्डोन्याचा ट्रम्पेटवाला चिक चॉकलेट हा आपल्या सी. रामचंद्रांचा साहाय्यक होता. ‘अलबेला’ची (१९५१) गाणी आजही ऐकताना ब्रासचा, म्हणजे ट्रम्पेटसारख्या पितळी वाद्यांचा, तो झणझणीतपणा कुठून आला ते कळतं. जर्मनीत हेच उत्तर रेडिओने दिलं. हँबुर्गचं एनडीआर, कलोनचं डब्ल्यूडीआर, या सरकारी नसल्या तरी सार्वजनिक पैशावर चालणाऱ्या केंद्रांनी पगारी बिग बँड ठेवले, महिन्याच्या महिन्याला पगार. ब्रिटनमध्ये बीबीसी होती, जाहिरातींची आणि पॉपच्या रेकॉर्डिंगची रोजंदारी होती. पण स्वतः लिहिलेलं, स्वतःच्या मनातलं वाजवायचं म्हटलं की बिअरचा जग घेऊन फिरायची वेळ.

इयन कार हा माणूस मला या प्रश्नाच्या नादात सापडला. ट्रम्पेटवाला, संगीतकार, बँड चालवणारा, लेखक आणि मास्तर. या सगळ्या भूमिका त्याने एकामागून एक केल्या नाहीत, बऱ्याचशा एकाच वेळी केल्या, कारण त्यातल्या कुठल्याही एकीवर भागण्यासारखं नव्हतं.

जन्म १९३३चा, स्कॉटलंडमधल्या डम्फ्रीसचा; वाढला इंग्लंडच्या ईशान्य टोकाला. कुठल्याही संगीतशाळेत गेला नाही. सतराव्या वर्षी ट्रम्पेट हातात घेतला आणि आपला आपण शिकला. न्यूकॅसलच्या किंग्ज कॉलेजात इंग्रजी साहित्य शिकला, वर शिक्षकाची पदविका घेतली. म्हणजे मध्यमवर्गीय आईबापांना शांत झोप लागावी अशी सगळी तजवीज झाली होती. पुढे सक्तीची लष्करसेवा झाली आणि मग हा धाकटा भाऊ माइकबरोबर न्यूकॅसलमध्ये एमसी फाइव्ह नावाच्या बँडमध्ये वाजवू लागला. तिथून लंडन.

लंडनमध्ये १९६३ पासून १९६९ पर्यंत सॅक्सोफोनवाला डॉन रेंडेल आणि तो असा दोघांच्या नावाचा पंचक, म्हणजे पाच जणांचा बँड होता. पाच तबकड्या निघाल्या. आज त्यांच्या मूळ प्रती गोळा करणारे लोक एकेका प्रतीला शेकडो पौंड मोजतात, आणि त्यातला एक छदामही वाजवणाऱ्यांकडे जात नाही. या पंचकाचा पियानोवाला मायकेल गॅरिक हाही कारसारखाच इंग्रजी साहित्य शिकलेला. त्याच्या एका रचनेचं नाव ‘ब्लॅक मॅरीगोल्ड्स’. बिल्हणाच्या ‘चौरपंचाशिके’चं पॉविस मॅथर्सने जे इंग्रजी रूपांतर केलं त्याचंही नाव हेच. राजकन्येच्या प्रेमापायी देहदंड झालेल्या काश्मिरी कवीचे श्लोक आणि लंडनचा जॅझ बँड एका नावाखाली भेटतात याचं मला फार अप्रूप वाटलं. कॉलेजात संस्कृत घेतल्याचा इतकाच काय तो उपयोग.

त्याच काळात मुंबईचा एक माणूस या टोळीत येऊन मिसळला. अमान्सिओ डि’सिल्व्हा, जन्म मुंबईत, घराणं गोव्याचं, वाद्य गिटार. जयपूरच्या महाराणींच्या पदरी काही काळ होता. मुलाच्या उपचारासाठी १९६७ मध्ये लंडनला आला आणि इथलाच झाला. होलंड पार्कजवळच्या लॅन्सडाउन स्टुडिओत डेनिस प्रेस्टन नावाचा निर्माता रेंडेल-कार पंचकाच्या तबकड्या काढत असे. त्यानेच १९६९ मध्ये डि’सिल्व्हाची ‘इंटिग्रेशन’ काढली, आणि तिच्यात साथीला कोण? रेंडेल, कार आणि त्यांचेच बास-ड्रमवाले. पियानो काढला आणि त्या जागी गिटार बसवली, इतकंच. रचनांची नावं ‘गँजेस’, ‘जयपूर’, ‘महाराणी’. त्याच वर्षी जमैकाहून आलेला सॅक्सोफोनवाला जो हॅरियट आणि डि’सिल्व्हा यांची ‘हम दोनो’ आली (देव आनंदचा काही संबंध नाही), तिच्यातही कार आहे. तिच्यातली एक रचना ‘बॅलड फॉर गोवा’.

या दोन तबकड्यांबद्दल लोक ‘पूर्व-पश्चिम संगम’ वगैरे लिहितात. मला ते पटत नाही. संगम म्हणायला दोन नद्या वेगळ्या असाव्या लागतात. डि’सिल्व्हा मुंबईत जॅझवरच वाढलेला होता. त्याने आपल्या चाली आणल्या, सतार-तबल्याची आरास आणली नाही, आणि कारने समोर आलेली चाल सरळ मन लावून वाजवली. म्हणून ती अजून शिळी झालेली नाही. त्या काळातल्या कित्येक ‘भारतीय’ प्रयोगांबद्दल असं म्हणता येणार नाही.

१९६९च्या सप्टेंबरात कारने न्यूक्लियस हा नवा बँड काढला. आता विजेची गिटार होती, रॉकचा ठेका होता. पहिली तबकडी ‘इलॅस्टिक रॉक’ १९७०च्या जानेवारीत ध्वनिमुद्रित झाली. अमेरिकन ट्रम्पेटवाला माइल्स डेव्हिस याची गाजलेली ‘बिचेस ब्रू’ दुकानात आली त्याच वर्षीच्या मार्चअखेरीला. त्यामुळे न्यूक्लियसवर नकलेचा आरोप करणाऱ्यांनी आधी कॅलेंडर बघावं. माइल्सचा प्रभाव होताच, कारने तो कधी लपवला नाही. पुढे १९८२ मध्ये त्याने माइल्सचं जाडजूड चरित्रच लिहिलं, आणि ते आजही वाचलं जातं. पण न्यूक्लियसचा आवाज निराळा आहे. त्यात धूसरपणा आहे, मोकळ्या जागा आहेत, आणि ओबो हे फुंकून वाजवायचं लाकडी वाद्य आहे. हा ओबो वाजवणारा कार्ल जेन्किन्स, ज्याच्या समूहगायनाच्या रचना आज जगभर होतात, तोच.

१९७०च्या जूनमध्ये या बँडने स्वित्झर्लंडच्या माँत्रो महोत्सवात पहिलं बक्षीस मारलं. बक्षीस म्हणून अमेरिकेतल्या न्यूपोर्ट महोत्सवात वाजवायला मिळालं. कुणालाही वाटेल, झालं, आता गाडी रुळावर आली. प्रत्यक्षात थोड्याच काळात बँडला गळती लागली. गिटारवाला क्रिस स्पेडिंग पॉप-रॉककडे वळला, ड्रमवाला जॉन मार्शल सॉफ्ट मशीन या बँडमध्ये गेला, मागोमाग जेन्किन्सही तिकडेच. कारने माणसं घडवायची आणि सॉफ्ट मशीनने उचलायची असा क्रमच पडला. तो नवी माणसं शोधत राहिला, नवीन रचना लिहीत राहिला. ‘सोलर प्लेक्सस’साठी आर्ट्स कौन्सिलचं, म्हणजे कलांना सरकारी पैसा देणाऱ्या संस्थेचं, अनुदान मिळालं, ‘लॅबिरिंथ’ (१९७३) ग्रीक पुराणातल्या मिनोटॉरवर, म्हणजे चक्रव्यूहातल्या बैलमुखी राक्षसावर रचली. ‘लॅबिरिंथ’मध्ये नॉर्मा विन्स्टनचं गाणं ऐकाच. शब्द नसलेल्या जागी तिचा आवाज वाद्यांमध्ये असा मिसळतो की कुठे गळा आणि कुठे पितळ ते पटकन कळत नाही. सत्तरच्या दशकाच्या मधल्या एकदोन तबकड्या मात्र मला कंटाळवाण्या वाटतात. ठेका चालू राहतो, सांगायचं संपलेलं असतं.

१९७३ मध्ये त्याने ब्रिटनमधल्या आपल्या समकालीन जॅझवाल्यांवर पुस्तक लिहिलं. नाव ‘म्युझिक आउटसाइड’, म्हणजे दाराबाहेरचंच. माइक वेस्टब्रूक, जॉन स्टीव्हन्स, इव्हान पार्कर, दक्षिण आफ्रिकेतून आलेला क्रिस मॅकग्रेगर... यांच्यावर तेव्हा कुणी पुस्तक लिहील अशी चिन्हं नव्हती, म्हणून वाजवणाऱ्यानेच लिहिलं. ऑपेराला मिळणाऱ्या सरकारी पैशापुढे जॅझच्या वाट्याला काय येतं, ही चीड त्याच्या लिखाणात दिसते. चीड दिसते, पण रडगाणं होत नाही, कारण प्रत्येक माणसाची हकीकत सांगताना तो शेवटी त्याच्या संगीताकडे येतो.

नियमित पैसा आला तो जर्मनीतून. १९७५ मध्ये श्टुटगार्टच्या टीव्हीवर रविवारच्या तरुणांच्या एका कार्यक्रमासाठी वोल्फगांग डाउनरने एक वाद्यवृंद जमवला. वेगवेगळ्या देशांचे, प्रत्येक जण आपापल्या बँडचा म्होरक्या. त्यातून युनायटेड जॅझ अँड रॉक एन्सेंबल उभा राहिला. ट्रम्पेट आणि त्याचा मऊ आवाजाचा भाऊ फ्लूगलहॉर्न यांच्या रांगेत हॉलंडचा आक फान रोयन, कॅनडातून लंडनला स्थायिक झालेला केनी व्हीलर आणि कार. व्हीलर निव्वळ वादक म्हणून कारच्या दोन पावलं पुढे होता, हे मी कारची चाहती असूनही म्हणेन. या मंडळींच्या तबकड्या त्यांनी आणि त्यांच्या जवळच्यांनी काढलेल्या ‘मूड’ या लेबलवर निघाल्या आणि भरपूर खपल्या. म्हणजे ब्रिटिश माणसाला आपल्या घरच्या बाजारात जे मिळालं नाही ते परक्या मुलुखात, सहकारी तत्त्वावर मिळालं. सांगली-कोल्हापूरकडच्या वाचकांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

आता मास्तरकीबद्दल, कारण मी या माणसापर्यंत पोचले ती वाट तिथूनच जाते.

इंग्लंडमधल्या बऱ्याच प्राथमिक शाळांमध्ये एक वर्ष अख्ख्या वर्गाला एकच वाद्य शिकवतात. आमच्या मुलीच्या वर्गाच्या वाट्याला ट्रम्पेट आला. प्लास्टिकचे, लाल, निळे, पिवळे. घरी आणल्यावर पहिले काही दिवस नुसता माउथपीसच वाजवायचा होता. ओठ मिटून त्यातून फुर्रर्र आवाज काढायचा. जेवणाच्या टेबलावर, आंघोळ करताना, सासूबाईंशी व्हिडिओ कॉल चालू असताना, फुर्रर्र. सासूबाईंनी घाबरून विचारलं, ‘अगं, पोरीला काही झालंय का?’ मग मला कळलं की ट्रम्पेटला पिस्टन तीनच असतात, बाकीचं सगळं ओठ आणि श्वास करतात. बोटं तिथेच ठेवून, नुसते ओठ आवळून, तीच नळी वरचा सूर देते. ते करताना मुलीच्या कपाळावर शीर उभी राहायची.

शिकवायला येणारे सर आठवड्याभरात वेगवेगळ्या शाळा फिरतात. एक दिवस इथे, एक दिवस तिथे, गाडीच्या डिकीत ट्रम्पेटचा ढीग. रात्री स्वतः वाजवतात, अशाच, बिअरचा जग फिरवाव्या लागणाऱ्या पबमध्ये. पालकसभेत मी त्यांना माझा तो हिशेबाचा प्रश्न विचारलाच. ते हसले आणि म्हणाले, ‘शिकवण्यावर घर चालतं, वाजवण्यावर डोकं ठिकाणावर राहतं. इयन कार वाचा.’ घरी येऊन शोधलं.

कारने सत्तरच्या दशकाअखेरीस उत्तर लंडनमधल्या केंटिश टाउनला, इंटरचेंज नावाच्या कलाकेंद्रात तरुणांसाठी जॅझची कार्यशाळा सुरू केली. आसपासच्या वस्तीतली, संगीतशाळेची फी परवडणार नाही अशी मुलं तिथे येऊन शिकू शकत. पियानोवाला ज्युलियन जोसेफ तिथलाच. तो पुढे अमेरिकेत बर्कली या संगीत महाविद्यालयात शिकला आणि आता लंडनमध्ये स्वतःची जॅझ अकादमी चालवतो. १९८२ पासून कार गिल्डहॉल स्कूल ऑफ म्युझिक अँड ड्रामामध्ये शिकवू लागला. ज्याने स्वतः एकही संगीतशाळा पाहिली नव्हती तो देशातल्या नामांकित संगीतशाळेत मास्तर झाला. तोपर्यंत जॅझलाही तिथे मानाने आत घेतलं जाऊ लागलं होतं, आणि ‘म्युझिक आउटसाइड’वाल्याला त्याची गंमत वाटली असणारच.

इतकं करूनही रचना लिहिणं थांबलं नाही. लहानपणच्या त्या ईशान्य कोपऱ्यावर त्याने तंतुवाद्यांसाठी ‘नॉर्दंब्रियन स्केचेस’ लिहिली. अमेरिकन पियानोवाला कीथ जॅरेट याचं चरित्र लिहिलं (१९९१), दोन सहकाऱ्यांबरोबर जॅझचा कोश केला. अखेरच्या वर्षांत अल्झायमरने गाठलं. २००९च्या फेब्रुवारीत तो गेला, पंच्याहत्तरीचा होता.

ऐकायचं असेल तर सुरुवात ‘इलॅस्टिक रॉक’पासून करू नका, सवय नसेल तर ती अंगावर येते. आधी ‘बॅलड फॉर गोवा’ लावा, मग रेंडेल-कारची ‘डस्क फायर’, आणि त्यानंतर न्यूक्लियस. ‘डस्क फायर’ शक्यतो हेडफोन लावून, लोकल रिकामी असेल अशा वेळी. दादर-ठाणे जलदमध्ये अजिबात नको. मुलीचा ट्रम्पेट आता पितळेचा आहे, शाळेकडून भाड्याने घेतलेला. सरांनी उन्हाळ्याच्या सुट्टीसाठी ‘हम दोनो’मधली एक चाल तिला कानाने बसवून आणायला सांगितली आहे, कागद न बघता. खालच्या मजल्यावरच्या आजोबांना आम्ही आधीच केक नेऊन दिला आहे.